युद्धात बातमी कुठे थांबवायची, आणि कुणी?

रात्रपाळी

८ मे २०२५ ची रात्र, भारत-पाकिस्तान लढाई चालू होती. मी एका मराठी दैनिकात उपसंपादक आहे आणि त्या दिवशी पहिलं पान माझ्याकडे होतं. डाक आवृत्तीचं (गावोगाव जाणाऱ्या, आधी छापल्या जाणाऱ्या अंकाचं) पान सोडायला वीसेक मिनिटं उरली असताना समोरच्या टीव्हीवर कराची बंदर उद्ध्वस्त झाल्याचं सुरू झालं. आधी एका वाहिनीवर, मग दुसऱ्या, मग बघावं तिथे तेच. वृत्तसंस्थेकडून काही नाही, नौदलाकडून एक ओळ नाही. पडद्यावर फिरणाऱ्या आगीच्या दृश्यांना ना तारीख, ना ठिकाण. वरिष्ठ म्हणाले, "सगळे देतायत, आपणच मागे राहायचं का?"

११ मेला व्हाइस ॲडमिरल ए. एन. प्रमोद यांनी पत्रकारांना सांगितलं की कराचीसह ठरलेल्या लक्ष्यांवर मारा करायला नौदल पूर्ण तयारीत होतं. तयारीत होतं. म्हणजे मारा झालाच नव्हता.

सैन्याची जागा, वेळ, हालचाल यांच्या बातम्या जरूर अडवा, मी स्वतः त्या छापणार नाही. माहिती व प्रसारण मंत्रालयाने २६ एप्रिललाच कारगिल, कंदाहार आणि २६/११ चे दाखले देऊन तशी सूचना काढली होती, आणि ती योग्यच होती. पण मग त्या चार रात्री जे धादांत खोटं चाललं, ते कुणी का अडवलं नाही? पूंछमध्ये ७ मेला तोफगोळ्यांच्या माऱ्यात एक मदरशातले शिक्षक गेले. काही वाहिन्यांनी त्यांनाच अतिरेकी ठरवलं. खुलासा करायची वेळ पूंछ पोलिसांवर आली. आपल्याच माणसाचा मृतदेह शत्रूचा म्हणून दाखवला, याहून मोठा देशद्रोह कोणता, हे मला सांगा.

अपशिंगेकर फौजी

ताई, पूंछच्या मास्तरांचं वाचून मलाही वाईट वाटलं. पण तुमचं बाकीचं पटलं नाही.

मी २८ वर्षं नोकरी केली, कारगिलच्या वेळी वर होतो. आमच्या गावात, साताऱ्याच्या अपशिंगे मिलिटरीत, फौजेत माणूस नाही असं घर शोधावं लागेल. पहिल्या महायुद्धात गेलेल्यांचं स्मारक गावात आहे. आम्हाला बातमीची किंमत दुसऱ्या मापाने कळते. २६/११ ला नरिमन हाऊसच्या गच्चीवर कमांडो हेलिकॉप्टरमधून दोराने उतरत होते आणि अख्खं जग ते थेट बघत होतं. सीमेपलीकडे बसलेले सूत्रधारही टीव्हीसमोरच होते, आणि आतल्या पोरांना फोनवर सूचना देत होते. कसाबच्या खटल्यात २९ ऑगस्ट २०१२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वाहिन्यांना यावरच फटकारलं. १९८२ साली फॉकलंड बेटांच्या युद्धात ब्रिटिश पॅराट्रूपर अर्जेंटिनाच्या ताब्यातल्या गूस ग्रीनवर चालून जायच्या आधीच बीबीसीच्या रेडिओने ते सांगून टाकलं होतं.

खोटी बातमी वाईटच. पण खोट्या बातमीने जवान मरत नाही, खरीने मरतो. त्या दिवसांत आपली विमानं पडली का, किती पडली, हे कळून तुम्ही काय करणार होता? समोरच्याला मात्र आपलं काय चुकलं ते फुकटात कळलं असतं. युद्ध संपू द्या, मग विचारा.

खंडपीठाजवळ

फौजी साहेब, "मग विचारा" म्हणताय, पण विचारणारा तोवर जागेवर राहिला पाहिजे ना?

८ मेला एक्स (पूर्वीचं ट्विटर) कंपनीने जाहीर केलं की भारतातली ८,००० हून जास्त खाती बंद करण्याचे आदेश आलेत, आणि बहुतेकांच्या बाबतीत कोणत्या मजकुरामुळे हे सांगितलेलंच नाही. ९ मेला 'द वायर' हे बातम्यांचं संकेतस्थळ बंद झालं. सरकारला असा मजकूर बंद करायचा अधिकार देणारं माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६९ अ आणि त्याखालचे २००९ चे नियम यांचा व्यवहारच गुप्ततेत चालतो, नियम १६ तसं लिहूनच ठेवतो. ज्याचं तोंड बांधलं त्याला आदेशाची प्रत मिळेलच असं नाही. मग कोर्टात आव्हान द्यायचं तरी कशाला? घटनेच्या कलम १९(२) ने देशाच्या सुरक्षेसाठी वाजवी निर्बंधांना मुभा दिली आहे. वाजवी की नाही ते तपासायला आधी कागद तर हातात हवा. मी नियमाच्या विरोधात नाही, अंधारातल्या नियमाच्या विरोधात आहे.

विमानांचं म्हणाल, तर ३१ मेला संरक्षण दलप्रमुख जनरल अनिल चौहान यांनी सिंगापूरमध्ये एका परदेशी वृत्तसंस्थेला सांगितलं की विमानं पडली, आणि का पडली हे शोधून चूक सुधारली. आकडा दिला नाही, तो नका देऊ. पण एवढं वाक्य आपल्या लोकांना आधी, आपल्या देशात ऐकायला मिळायला हवं होतं.

बावड्याची आई

मी कधी लिहीत नाही, पण फौजी दादांचं ते वाक्य वाचून राहवलं नाही.

माझा मुलगा त्या वेळी पंजाबात होता. नेमकं कुठे ते मलाही माहीत नव्हतं, आणि मी विचारतही नाही. त्या रात्री पुण्याहून दिराचा फोन: "वहिनी, लाहोर घेतलं म्हणे, टीव्ही लावा!" घरात सगळे खूश. मी देवघरासमोर बसून एकच विचार करत होते: लाहोर घेतलं, म्हणजे माझा मुलगा आत गेला. पुढे दीड दिवस त्याचा फोन लागला नाही. टीव्हीवर मधेच भोंगा वाजायचा आणि सासरे दचकून उठायचे. तो भोंगा कार्यक्रमात वाजवू नका, असं नागरी संरक्षणवाल्यांनी १० मेला सांगितलं. तोवर आम्ही तो किती वेळा ऐकला!

खोट्या बातमीने जवान मरत नसेल दादा. पण त्या दीड दिवसात मी काय झाले ते मला माहीत.

रात्रपाळी

आई, तुमचं वाचून बराच वेळ काही टाइप करता आलं नाही.

फौजी साहेब, २६/११ बद्दल तुमच्याशी माझा वाद नाही. पण फॉकलंडची ती बातमी फौजेबरोबर चालणाऱ्या वार्ताहरांनी फोडलेली नव्हती, ती लंडनहून आली होती. चिखलात जवानांशेजारी झोपणारा वार्ताहर जपूनच लिहितो, कारण गोळी त्यालाही लागते. आमच्याकडे उलट झालं. सीमेवर मोजके वार्ताहर, आणि शेकडो मैलांवर वातानुकूलित स्टुडिओत रणगाड्यांची चित्रं लावून युद्ध.

अपशिंगेकर फौजी

बावड्याच्या ताई, तुमच्या मुलाला माझा रामराम सांगा. माझी बायको १९९९ साली दोन महिने पत्राची वाट बघत होती, मला ते आठवलं. तरीही माझं मत तेच आहे. लढाई चालू असताना तोंड बंद. मात्र बंद म्हणजे सगळ्यांचं, खोटं बोलणाऱ्याचं आधी. हे मी पहिल्यांदाच लिहायला हवं होतं.

रात्रपाळी ताई, एक विचारतो. आमच्या गावात पेपर सकाळच्या एसटीने येतो. ९ तारखेच्या पेपरात कराची होतं, पारावर मोठ्याने वाचलं गेलं, पेढे वाटले. तो पेपर तुमचाच होता असं म्हणत नाही. तुमच्या पानावर शेवटी काय गेलं?

रात्रपाळी

डाक आवृत्तीत दोन कॉलमी मथळा गेला: 'कराची बंदरावर हल्ल्याचे वृत्त'. 'वृत्त' हा शब्द मी भांडून घातला, तेवढंच माझ्या हातात होतं. रात्री दीडपर्यंत कुठूनही दुजोरा आला नाही, म्हणून शहर आवृत्तीतून ती बातमी काढली. म्हणजे शहरातल्या वाचकाला ती दिसली नाही आणि गावोगाव पोचली. १२ तारखेला मी चार ओळींचा खुलासा लिहून दिला होता. पानावर जागा नाही म्हणाले. तो अजून माझ्या संगणकात आहे.