गीतेचा अकरावा अध्याय बाजूला पडतोय. कर्ता वेगळा, की माझी मोजणी चुकीची?

मोजदाद:

नमस्कार. मी संख्याशास्त्र शिकवते. संस्कृत शाळेपुरतंच, पुढचं स्वतःच्या ओढीनं. बारावा आणि पंधरावा अध्याय लहानपणापासून पाठ आहेत, आजही सकाळी म्हणते. म्हणून हा प्रश्न माझ्यासाठी नुसता आकड्यांचा नाही, हे आधीच सांगते.

गेले दोन महिने गीतेच्या अठराही अध्यायांवर शैलीमापन करून पाहतेय. पद्धत साधी आहे. विषयाशी संबंध नसलेले बारीक शब्द घ्यायचे: च, तु, हि, वा, एव, अपि, न, तथा. प्रत्येक अध्यायात ते दर हजार शब्दांमागे किती वेळा येतात ते मोजायचं आणि त्यावरून कुठला अध्याय कुणाच्या जवळ, कुणापासून लांब ते काढायचं. 'आत्मा', 'कर्म' हे शब्द लिहिणारा विचार करून वापरतो. 'तु' आणि 'हि' मात्र सवयीनं येतात. मॉस्टेलर आणि वॉलेस यांनी १९६४ साली अमेरिकेच्या राज्यघटनेच्या बाजूनं टोपणनावानं लिहिलेल्या फेडरलिस्ट लेखांपैकी १२ वादग्रस्त लेख अशाच शब्दांवरून जेम्स मॅडिसनचे असल्याचं दाखवलं होतं. तिथूनच मला हे सुचलं.

निकाल असा आला की अकरावा अध्याय बाकी सतरांपासून स्पष्ट बाजूला पडतो. पहिला दुसऱ्या टोकाला जातो. आणि माझा पाठातला पंधरावाही कडेला सरकलेला दिसतो. विश्वरूपदर्शन, म्हणजे हा अकरावा, नंतर कुणी घातलं असेल, असं यातून म्हणता येईल का? घरी किंवा वर्गात हे बोलायचं धाडस होत नाही. आधी जाणकारांना विचारावं म्हणून इथे लिहितेय.

पदच्छेद:

ताई, एवढ्यावरून तसं म्हणता येणार नाही. पण मेहनत वाया गेलेली नाही. मी हाच प्रयोग बऱ्याच वर्षांपूर्वी केला होता आणि माझाही अकरावा असाच फुटून निघाला होता. आठवडाभर मी नवा शोध लागल्याच्या आनंदात होतो.

अकरावा उघडून म्हणून बघा, वाचू नका. १५ व्या श्लोकाला, 'पश्यामि देवांस्तव देव देहे'ला, चाल बदलते ना? तिथून ५० पर्यंत सलग ३६ श्लोक त्रिष्टुभात आहेत, चरणाला ११ अक्षरं. बाकी गीता बहुतेक अनुष्टुभात आहे, चरणाला ८. पंधराव्यातही सुरुवातीचे काही श्लोक त्रिष्टुभातले आहेत, म्हणून तो कडेला सरकला. तुमच्या आज्ञावलीनं वृत्त ओळखलंय. कर्त्यापर्यंत ती पोचलेलीच नाही.

वृत्ताचा या बारीक शब्दांशी थेट संबंध आहे. इंग्रजी गद्यात 'सवयीचे शब्द' ही कल्पना बरीच चालते. आपल्याकडे मात्र अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशातच तु, हि, च, स्म, ह, वै हे पादपूरणार्थी, म्हणजे चरण भरून काढणारे, म्हणून नोंदवले आहेत. आठ अक्षरांत एक कमी पडलं की 'च' येतो, 'हि' येतो. अकरा अक्षरांच्या चरणात ती गरज वेगळ्या जागी, वेगळ्या प्रमाणात पडते. म्हणजे ज्या शब्दांना आपण कर्त्याच्या बोटांचे ठसे समजतो, त्यातले निम्मे छंदानं मागून घेतलेले असू शकतात.

दुसरी गोष्ट, तुम्ही संधी सोडवले का? नसतील तर आकडेच बाद. पहिलाच श्लोक घ्या: 'मामकाः पाण्डवाश्चैव'. यात 'च' आहे आणि 'एव' आहे, पण सुटा शब्द शोधणाऱ्याला दोन्ही दिसणार नाहीत. बरं, शब्दाच्या पोटातला 'श्च' शोधावा, तर त्याच अध्यायातलं 'धृष्टकेतुश्चेकितानः' फसवेल. तिथला 'च' हा चेकितानाच्या नावाचा पहिला वर्ण आहे. ऑलिव्हर हेलविग यांच्या संस्कृत संगणकीय संग्रहात महाभारताचा पदं सोडवलेला पाठ मिळतो, तो वापरा. 'श्रीभगवानुवाच', 'सञ्जय उवाच' ही वाक्यंही काढून टाका.

संधी सोडवल्यावर पहिला अध्याय कदाचित आणखीच लांब जाईल, कारण तिथे योद्ध्यांची यादी आहे. 'विराटश्च द्रुपदश्च', 'भीष्मश्च कर्णश्च कृपश्च'. नावामागून 'च' येणारच. ती यादीची भाषा आहे, तिच्यावरून कुणाच्या सवयी ठरत नाहीत.

हे सगळं आपल्यापुरतं नाही. बायबलाच्या नव्या करारात पौलाच्या नावावर १३ पत्रं आहेत. मॉर्टन या अभ्यासकांनी १९६० च्या दशकात वाक्यांची लांबी आणि ग्रीकमधला 'आणि' मोजून त्यातली चारच पौलाची ठरवली. १९८६ मध्ये केनी यांनी जास्त वैशिष्ट्यं घेऊन मोजलं, तर बारा एका हातची मानायला त्यांना अडचण दिसली नाही. फक्त तीताला लिहिलेलं पत्र वेगळं पडलं. तीच पत्रं, तीच भाषा, आणि एकीकडे चार तर दुसरीकडे बारा. शिवाय वाक्य कुठे संपतं हे ठरवणारी विरामचिन्हं बरीचशी नंतरच्या संपादकांची. फिलेमोनला लिहिलेलं पत्र तर जेमतेम ३३५ शब्दांचं आहे. तुमचा बाराव्याचा मजकूर २० श्लोक, म्हणजे ६४० अक्षरं. तुम्ही संख्याशास्त्र शिकवता, तेव्हा नमुन्याचा आकार मी सांगायला नको.

मग करायचं काय? माझ्या मते तीन कामं आहेत, आणि पहिल्यालाच सगळ्यात जास्त वेळ द्यावा लागतो.

उत्तर आधीच माहीत असलेल्या ग्रंथांवर पद्धत लावून बघा. बुद्धचरित आणि सौन्दरनन्द ही दोन्ही काव्यं अश्वघोष या बौद्ध कवीचीच आहेत. ती जवळ येतात का? कालिदासाचं रघुवंश त्यांच्यापासून लांब राहतं का? कुमारसंभवाचे ९ ते १७ हे सर्ग दुसऱ्याचे मानतात, मल्लिनाथाची टीका आठव्यापर्यंतच आहे. तुमची मोजणी ती फट दाखवते का? कोपेल आणि सहकाऱ्यांनी २०११ मध्ये तोरावर (बायबलाच्या पहिल्या पाच पुस्तकांवर) काम करताना बायबलातल्याच यिर्मया आणि यहेज्केल या दोन पुस्तकांचे तुकडे मुद्दाम मिसळले, आपली पद्धत ते परत वेगळे करते का ते पाहिलं आणि मगच ते मूळ प्रश्नाकडे वळले. ही शिस्त मला फार मोलाची वाटते.

मग तुलना बरोबरीच्या मजकुराशी करा, अनुष्टुभाची अनुष्टुभाशी. भांडारकर संस्थेच्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत (हस्तलिखितं ताडून ठरवलेल्या पाठात) गीता म्हणजे भीष्मपर्वाचे २३ ते ४० हे अध्याय. त्यांच्या मागचे-पुढचे अध्याय घ्या. आश्वमेधिक पर्वातली अनुगीता घ्या, तिचा विषयही जवळचा आहे.

आणि शब्दांबरोबर छंदही मोजा. अनुष्टुभाच्या विषम चरणात पाचवं अक्षर लघु, सहावं-सातवं गुरू, हा नेहमीचा पथ्या साचा. तो मोडला की विपुला. कोण किती वेळा आणि कुठली विपुला वापरतो, यात रचनाकाराचा कान दिसतो. आपल्याकडे म. रा. यार्डी यांनी अनुष्टुभाच्या अशाच आकडेवारीवरून महाभारतातले थर वेगळे करायचा प्रयत्न केला; भांडारकर संस्थेनं तो १९८६ मध्ये प्रसिद्ध केला. त्यांचे सगळे निष्कर्ष मला पटत नाहीत, पण त्या माणसानं काय चिकाटीनं मोजलंय! ट्राउटमन यांचं कौटिल्याच्या अर्थशास्त्रावरचं १९७१ चं काम बारीक शब्दांवर जास्त भक्कम उभं आहे, कारण अर्थशास्त्र मुख्यतः गद्य आहे आणि पादपूरणाचा प्रश्नच येत नाही. ते एका हातचं नाही, हा त्यांचा निष्कर्ष अजून सहज बाजूला सारता येत नाही.

ओवीप्रेमी:

मराठीतलं उदाहरण जोडतो. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस शिवराम एकनाथ भारदे यांनी 'भारद्वाज' या नावानं मांडलं होतं की ज्ञानेश्वरी लिहिणारे आणि अभंग लिहिणारे ज्ञानदेव वेगवेगळे. त्यांचा एक आधार भाषेचा होता: अभंगांची मराठी नवी वाटते. आता हे संगणकावर तपासू म्हटलं तर पदच्छेद यांनी सांगितलेली सगळी भुतं उभी राहतात. इकडे ओवी, तिकडे अभंग. इकडे 'पैं' आणि 'म्हणौनि', तिकडे शेवटी 'बापरखुमादेवीवरु' ही मुद्रा (कवीची नाममुद्रा), जी एकटीच सगळे अभंग एका गठ्ठ्यात बांधेल. आणि अभंग गळ्यागळ्यांतून आले. गाणाऱ्यानं जुनं रूप आपल्या बोलीत म्हटलं, तर मोजणीत गाणारा दिसतो. ज्ञानेश्वरीचीही एकनाथांनी शके १५०६ मध्ये शुद्ध प्रत केली, तेव्हा प्रत कुठली घेतली यावरसुद्धा आकडे हलतील.

मला रास्त तुलना एकच दिसते, ज्ञानेश्वरी आणि अमृतानुभव. दोन्हीकडे ओवी आहे, अमृतानुभवाच्या आठशेच्या आसपास ओव्या आहेत. चांगदेवपासष्टी ६५ ओव्यांची, ती मोजायला अपुरी. मी गेले वर्षभर या दोन्ही पाठांची पदं हातानं सोडवतोय. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायापर्यंत आलोय.

नित्यपाठ:

मला यातलं तंत्र कळत नाही. एकच विचारते. उद्या आकड्यांनी सांगितलं की तीन जणांनी रचलं, तर आपण रोज म्हणतो त्याचं काय?

पदच्छेद:

तुम्ही म्हणता तसंच म्हणत राहा. मीही म्हणतो. मोजणीला फार तर इथे शिवण आहे असं सांगता येतं. ती कुणी घातली, का घातली, हे तिला कळत नाही. परंपरेनं हे ७०० श्लोक एक म्हणून सांभाळले, हाही इतिहासच आहे, आणि त्याचा पुरावा तर हस्तलिखितांत आहे.

मोजदाद:

सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री संधी सोडवलेला पाठ घेऊन पुन्हा बसले. अकराव्यातले त्रिष्टुभ काढले तर अनुष्टुभाचे १९ श्लोक उरतात, १ ते १४ आणि ५१ ते ५५. एवढ्यावर मी विद्यार्थ्यालाही काही निष्कर्ष काढू दिला नसता, मग स्वतःला का दिला, याचं वाईट वाटतंय. 'वेगळा कर्ता' हे शब्द वहीतून खोडले आहेत.

बुद्धचरित आणि सौन्दरनन्दापासून सुरुवात करतेय. ओवीप्रेमी, तुमची पदं सोडवून झालेली ज्ञानेश्वरी मला पाठवाल का? सातव्यापासून पुढचे काही अध्याय मी वाटून घेते. दोघांनी स्वतंत्रपणे सोडवलेला एखादा अध्याय ताडून पाहिला, तर आपल्या हातून किती चुका होतात तेही मोजता येईल.

ओवीप्रेमी:

आनंदानं. बारावा अध्याय दोघांनी करू, तुमचा पाठातला.