गदिमांकडं पटकथाकार म्हणून कुणी बघत का नाही? कोणते पिक्चर बघू?

माणगंगाकाठ:
नमस्कार मंडळी. परवा आटपाडीहून स्वतंत्रपूरच्या बाजूनं येत होतो, गाडीत भाची होती, सांगलीला कॉलेजला आहे ती. तिला म्हटलं ही वसाहत बघून ठेव, १९३९ साली औंध संस्थानानं कैद्यांना भिंतीबाहेर काढून शेतीला लावलं ती हीच जागा, आजपण कैदी बायकापोरांसकट इथं राहतात, आणि 'दो आँखें बारह हाथ' पिक्चर यावरनंच सुचला. तर ती म्हणाली, मामा सुचला कुणाला, शांतारामांना? म्हटलं नाही गं, कथा गदिमांची. तिला पटेचना, तिच्या डोक्यात गदिमा म्हणजे गीतरामायण, बास. आणि खरं सांगायचं तर पुढं मलाही चार वाक्यं बोलता येईनात. शेटफळ्यात जन्मलेला माणूस, आमच्या तालुक्यातला, आणि आम्हाला फक्त गाणी पाठ. लई वाईट वाटलं. कुठनं सुरुवात करू सांगा.

औंधची माहेरवाशीण:
दादा, गदिमा शाळेला आमच्या औंधला होते, तेव्हा औंध आटपाडी सगळं एकाच संस्थानात, आता आम्ही साताऱ्यात तुम्ही सांगलीत. मॅट्रिक गणितात गेलं, घरची गरिबी, मग कोल्हापूर गाठलं आणि मास्टर विनायकांच्या 'ब्रह्मचारी'त (१९३८) बारीकसं काम केलं. म्हणजे सेटवर उभं राहून सिनेमा शिकलेला लेखक आहे हा. १९४७ चा 'रामजोशी' आधी बघा, त्यात लिहिलंय पण त्यांनीच आणि बरीच गाणी पण त्यांचीच.

कृष्णाघाट सांगली:
माझं स्पष्ट मत, मराठीत त्यांच्या गाण्यांनी त्यांची पटकथा झाकून टाकली, आणि हिंदीत बरोबर उलटं झालं. 'दो आँखें' (१९५७), 'नवरंग' आणि 'गूंज उठी शहनाई' (दोन्ही १९५९), तिन्हीची कथा गदिमांची पण तिन्हीची गाणी भरत व्यासांची. लोक लक्षात ठेवतात गाणं, मग गाणं ज्याचं नाही त्याचं नाव कोण घेणार? 'दो आँखें'ला बर्लिनला बक्षीस मिळालं, राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं, आणि आपल्याच जिल्ह्यात पोरांना ठाऊक नाही की ही गोष्ट माणदेशातनं गेलीय. भाचीला तो पिक्चर दाखवताना एवढंच बघायला सांगा की सहा खुनी कैदी उघड्या माळावर आहेत आणि त्यांना धरून ठेवायला जेलरच्या नजरेशिवाय दुसरं काही नाही, ते पळून जातात तरी ती नजर त्यांना माघारी आणते. आख्खा पिक्चर या एका कल्पनेवर उभा आहे, आणि ही कल्पना लेखकाची असते.

हातमागवाला:
कृष्णाघाट यांच्याशी निम्मं सहमत. गाण्यांनी पटकथा झाकली म्हणता, पण त्यांची गाणी पटकथेतनंच फुटलेली असतात. 'जगाच्या पाठीवर' (१९६०) घ्या, दिग्दर्शक आणि नायक दोन्ही असलेले राजा परांजपे तुरुंगात मागावर बसलेत, पुढ्यात ताणा म्हणजे उभे ताणलेले धागे, हातात धोटा, आणि तिथं 'एक धागा सुखाचा' येतं. आमच्या घरी आजोबांचा माग होता, धोटा इकडनं तिकडं जातो तेव्हा एक लय लागते, ते गाणं त्या लयीत बसतंय. नुसतं रेडिओवर ऐकलं तर तत्त्वज्ञान वाटतं, पण प्रसंगात बघितलं की कळतं, समोर जे चाललंय तेच माणूस बोलतोय. हे नुसत्या कवीला जमत नाही, प्रसंग कुठं येणार, माणसाच्या हातात काय असणार हे ज्याला आधी दिसतं त्यालाच जमतं. आणि राजाभाऊंचाच 'लाखाची गोष्ट' (१९५२) पण सोडू नका, सुधीर फडके, राजा परांजपे, गदिमा हे त्रिकूट समजायचं तर तो पाहिजेच.

माणगंगाकाठ:
हातमागवाले, अंगावर काटा आला. हे गाणं मी शंभरदा ऐकलंय पण तो माग डोळ्यासमोर कधी आलाच नव्हता. रविवारी भाचीला घेऊन 'जगाच्या पाठीवर' लावतो आणि पुढच्या आठवड्यात 'दो आँखें'. तो बघून झाला की तिला परत एकदा स्वतंत्रपूरला नेणार, या वेळी गाडी थांबवून.