प्रतिसाद: वाशारिओवांचे 'अचानक' राजकारण

स्लोव्हाक अभिनेत्री माग्दा वाशारिओवा यांनी अभिनय सोडून अचानक राजकारण धरले, हे त्यांच्याविषयीच्या चर्चेत कुणी मांडलेले मत मला पटत नाही. १९६७ सालच्या 'मार्केटा लाझारोव्हा' या चित्रपटातल्या मार्केटाच्या भूमिकेने त्यांचे नाव झाले खरे, पण त्यांनी शिक्षण घेतले ते ब्रातिस्लाव्हाच्या कोमेन्स्की विद्यापीठात, तेही समाजशास्त्राचे. १९९० मध्ये चेकोस्लोव्हाकियाच्या राजदूत म्हणून त्या व्हिएन्नाला गेल्या आणि १९९९ मध्ये त्यांनी स्लोव्हाकियाच्या अध्यक्षपदाची निवडणूकही लढवली, ती हरल्या.

या चर्चेत उल्लेख राहून गेलेला त्यांचा चित्रपट म्हणजे चेक दिग्दर्शक यिर्झी मेन्झेल यांचा 'पोस्त्रिझिनी'. त्यात दिराबरोबर मद्यभट्टीच्या उंच धुराड्यावर चढून बसलेली आणि गावभर कौतुक झालेले लांबसडक केस पुढे खुशाल कापून टाकणारी त्यांची मारिश्का मला गंभीर मार्केटापेक्षा (कुणी रागावू नये) अधिक जिवंत वाटते.