घरचे चिकन सूप पाणचट का होते?

घोडबंदरवासी

नमस्कार. माझ्या सासूबाई नुकत्याच तापातून उठल्या आहेत. तोंडाला चव नाही, पोळी-भाजी घशाखाली उतरत नाही, आणि डॉक्टरांनी पातळ पण पौष्टिक आहार द्यायला सांगितले आहे. पाकिटातले सूप त्यांना आवडत नाही. कॉर्नफ्लोरचा चिकटपणा जिभेवर राहतो असे त्या म्हणतात, आणि ते मलाही पटते. म्हणून बोनलेस चिकन, आले, लसूण आणि गाजर कुकरमध्ये घालून चार शिट्ट्या काढून मी घरीच सूप करते. मांस शिजते, पण पाण्यात चव उतरत नाही, सूप गढूळ दिसते आणि तुकडे चोथ्यासारखे लागतात. कॉर्नफ्लोर किंवा तयार क्यूब न वापरता सुपाला अंगचा दाटपणा आणि चव कशी आणावी, हे कृपया कोणी सविस्तर सांगावे.

सानपाडा_स्वयंपाकघर

ताई, सूप मांसाचे नसते, हाडांचे असते. हाडांच्या सांध्यांत, कूर्चांत (लवचिक मऊ हाडांत) आणि कातडीत कोलॅजन नावाचे प्रथिन असते. ते पाण्यात मंद आचेवर बराच वेळ राहिले की त्याचे जिलेटिन होते, आणि ओठांना जाणवणारा दाटपणा त्यातूनच येतो. बोनलेसमध्ये ते नगण्य असल्यामुळे तुम्ही कितीही शिजवले तरी पाणी पाणीच राहणार.

चिकनवाल्याकडून हाडासकट एक किलो कोंबडी घ्यावी आणि त्याच्याकडेच मान, पाठीचा सांगाडा आणि पाच-सहा पंजे मागावेत. पंजे बहुतेक दुकानांत अगदी स्वस्तात मिळतात, आणि सुपासाठी त्यांच्याइतके उपयोगी दुसरे काही नाही. ते उकळत्या पाण्यात मिनिटभर बुडवले की वरची पिवळी साल हाताने सुटते. मग नखे तोडून टाकावीत.

हे सर्व मोठ्या टोपात घालून अडीच लिटर थंड पाणी ओतावे. पाणी थंडच हवे, कारण ते हळूहळू तापत जाते तसतशी मळी गोळा होऊन वर येते आणि झाऱ्याने सहज काढता येते. पहिली वीस मिनिटे टोपापाशीच उभे राहावे. करड्या रंगाचा फेस येत राहील, तो काढत राहावा, आणि तो पांढरा व विरळ झाला की आच अगदी बारीक करावी. पृष्ठभागावर इकडेतिकडे एखादा बुडबुडा फुटावा, एवढीच उष्णता पुरे. खळखळून उकळले तर चरबी बारीक होऊन पाण्यात मिसळते, आणि तुमचे सूप गढूळ दिसते ते यामुळेच.

छातीचे मांस अर्ध्या तासात शिजते. ते तेव्हाच बाहेर काढून, हाताने धागे करून झाकून ठेवावे आणि वाढण्याआधी परत घालावे. चोथा होतो तो ते शेवटपर्यंत टोपात राहिल्यामुळे. हाडे मात्र दोन तास तशीच राहू द्यावीत. शेवटच्या पाऊण तासात अर्धा कांदा (कापलेली बाजू तव्यावर काळपट होईपर्यंत भाजून), गाजराचे मोठे तुकडे, ठेचलेले आले, आठ-दहा मिरे आणि कोथिंबिरीचे देठ घालावेत. देठ फेकू नयेत अशी माझी कळकळीची विनंती आहे, कारण पानांपेक्षा त्यांचा स्वाद रसात जास्त टिकतो. मीठ सर्वांत शेवटी, गाळून झाल्यावर घालावे. पाणी आटत असते, त्यामुळे आधी घातलेले मीठ नंतर जास्त होते.

कोपरीकर

वरील पद्धत उत्तम आहे, पण कुकरला सरसकट दोष देऊ नये असे मला वाटते. दोन तास गॅस जाळणे प्रत्येकाला परवडत नाही, आणि घरात आजारी माणूस असताना तेवढा वेळ उभे राहणेही जमत नाही. अडचण शिट्ट्यांची आहे. शिट्टी होताना आतला दाब एकदम उतरतो, पाणी उसळते आणि सगळे ढवळून निघते. मळी काढून झाल्यावर झाकण लावावे, पहिली शिट्टी होताच गॅस इतका बारीक करावा की दुसरी होणारच नाही, आणि चाळीस मिनिटांनी बंद करून दाब आपोआप उतरू द्यावा. असे केल्यास रस स्वच्छ राहतो आणि हाडांतले सत्त्वही पुरेपूर उतरते. छातीचे मांस यात घालू नये, ते वेगळे शिजवावे.

शक्य असल्यास गावठी कोंबडी आणावी. ब्रॉयलर पाच-सहा आठवड्यांचीच असते, मांस कोवळे आणि चव सौम्य; गावठी कोंबडी शिजायला वेळ घेते, पण तिचा रस निराळाच असतो. आमच्या घरी आजाऱ्यासाठी तिचे अळणी काढतात. हळद, आले-लसूण आणि थोडेसे मीठ लावून कोंबडी शिजवायची, मसाला पडण्याआधी वाटीभर रस बाजूला काढायचा आणि वरून ताजी मिरपूड टाकून गरमच द्यायचा. सासूबाईंना हा स्वाद सुपापेक्षा ओळखीचा वाटेल. उरलेल्या कोंबडीचा रस्सा घरच्या इतरांना होतो.

नेरूळवासी

गरम रस प्यायला की बरे वाटते याला काही आधार आहे का, असे अनेक जण विचारतात. नेब्रास्का विद्यापीठातील स्टीफन रेनार्ड आणि सहकाऱ्यांचा अभ्यास 2000 साली 'चेस्ट' या वैद्यकीय नियतकालिकात आला होता. त्यात रेनार्ड यांच्या पत्नीच्या आजीच्या पद्धतीचे सूप तपासले होते, आणि सर्दीत सूज आणण्यात हातभार लावणाऱ्या न्यूट्रोफिल या रक्तातील पांढऱ्या पेशींची हालचाल त्याने मंदावते असे आढळले. कोंबडीप्रमाणेच भाज्यांचाही स्वतंत्र परिणाम दिसला होता, त्यामुळे गाजर-कांदा वगळू नयेत. हा प्रयोग प्रयोगशाळेतला होता, माणसांवरचा नव्हता; म्हणून सुपाला औषध म्हणू नये, आणि सासूबाईंना रक्तदाब असेल तर मीठ डॉक्टरांना विचारूनच घालावे.

घोडबंदरवासी

सर्वांचे मनापासून आभार. आजच पंजे आणते आणि कोपरीकरांच्या पद्धतीने कुकरमध्ये करून पाहते. एक शंका राहिली: दोन-तीन दिवसांचे एकदम करून ठेवले तर चालेल का?

सानपाडा_स्वयंपाकघर

चालेल, पण रात्रभर ओट्यावर ठेवू नये. आपल्याकडच्या दमट हवेत तर मुळीच नाही. गाळलेला टोप थंड पाण्याच्या परातीत ठेवून लवकर निववावा आणि दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये टाकावा. सकाळी वर चरबीचा पिवळा थर जमलेला दिसेल, तो चमच्याने अख्खा उचलता येतो. खालचे सूप थलथलीत झाले असेल तर जिलेटिन नीट उतरले असे समजावे. गरम केल्यावर ते पुन्हा पातळ होते. तीन दिवसांत संपवावे, आणि पुढे लागणार असेल तर लहान डब्यांत भरून फ्रीजरमध्ये ठेवावे. प्रत्येक वेळी लागेल तेवढेच काढून चांगली उकळी आणावी. सगळे पुन्हा पुन्हा गरम करू नये.