डबिंग म्हणजे जोडधंदा?

'मालिका सुटली की नट डबिंगकडे वळतात, तो जोडधंदा' हे मत काही पटलं नाही, दादा. श्रेयस तळपदेचंच बघा ना. मराठी मालिकांतून वर आलेला नट. २००५ च्या 'इक्बाल'मध्ये नाव झालं ते न बोलणाऱ्या मुलाच्या भूमिकेत, आणि २०२१ ला हिंदी 'पुष्पा'त अल्लू अर्जुनचा आवाज हाच! तेव्हा त्याची 'माझी तुझी रेशीमगाठ' ही मालिका (त्यात तो यश) चालूच होती की. इथे मालवणात शेजारच्या काकींना हे सांगितलं, तर पटेचना: "मेल्या, आपलो यश असो खंय बोलता?"

मूळ तेलुगूत ओठ मिटले की हिंदीतही शक्यतो प, ब, म यायला हवा. वाक्य लांबलं की छाटा. श्वाससुद्धा पडद्यावरच्याच्या मापाने. आपले दशावतारी नट लिखित संहितेशिवाय देवळासमोर रात्र जागवतात, पण रंगात आले की संवाद वाढवायची त्यांना मुभा असते. डबिंगवाल्याला ती नाही. मला तरी हे जास्त कठीण वाटतं (दशावतारवाले रागावले तर रागावू देत).

२०१९ च्या हिंदी 'द लायन किंग'मधल्या टिमॉनचा आवाजही श्रेयसचाच आहे. तो ऐका, मग बोलू.