स्वीडनचा फुटबॉलर हेन्रिक लार्सन खरंच एवढा भारी होता का?

त्याचा स्कॉटिश क्लब सेल्टिकचे फॅन त्याला देव मानतात, पण स्कॉटिश लीगमधल्या गोलांना किती किंमत द्यायची?

— लीग सोपी म्हणून सोडून द्यायचं असेल तर २००३ची यूएफा कप फायनल बघ, कोच मोरिन्योच्या पोर्तोविरुद्ध सेल्टिकचे दोन्ही गोल ह्याचेच, हेडरने, तरी ३-२ हरले बिचारे. आणि १९९९ला ल्योंमध्ये पाय मोडलेला, त्यानंतरच्या सीझनला लीगमध्ये ३५ गोल मारून युरोपियन गोल्डन शू, म्हणजे युरोपातल्या लीगमधल्या टॉप स्कोररचं बक्षीस!

— २००६ची चॅम्पियन्स लीग फायनल विसरलात राव. ह्याची तेव्हाची टीम बार्सा (बार्सिलोना) आर्सेनलविरुद्ध ०-१ मागे, हा सब (बदली खेळाडू) म्हणून आला आणि एटो, बेलेत्ती दोघांच्या गोलांना पास ह्याचेच. पस्तिशीला टेकला होता तेव्हा.

— बरं बाबा, मान्य. हायलाइट्स बघतो आज.