'स्प्लिट पर्सनॅलिटी'ला आपला शब्द कुठला?

खाडीकाठ: एका सायकॉलॉजिकल थ्रिलरची मराठी सबटायटलं करतोय, अडकलोय. हिरोच्या आत दुसराच एकजण राहतो, रात्री तो उठून हिंडून येतो आणि सकाळी ह्याला कळत नाही पायाला चिखल कसला. डॉक्टरीण म्हणते स्प्लिट पर्सनॅलिटी. मी 'छिन्नमनस्क' लिहिलं, तपासणाऱ्याने लाल केलं.

सुरंगी: बरोबर केलं. छिन्नमनस्कता म्हणजे स्किझोफ्रेनिया, त्यात आवाज ऐकू येणं, संशय वगैरे. एकात दोन माणसं हा आजारच वेगळा. घोळ नावाचा आहे, १९०८ ला ब्लॉयलर नावाच्या स्विस मनोविकारतज्ज्ञाने ग्रीकमधून 'फाटलेलं मन' असा शब्द पाडला आणि आपण तो तस्साच संस्कृतात ओतला. जपानने तसलंच नाव २००२ मध्ये बदललं. 'बहुव्यक्तिमत्त्व' लिही.

खाडीकाठ: लिहून बघितलं. बाई बोलून दाराबाहेर गेली तरी माझं सबटायटल पडद्यावरच.

घावनेवाला: 'अवसार' घ्या की, देव अंगात येतो तो! दसऱ्याला देवाचे खांब, तरंग, निघतात तेव्हा आमच्या शेजारचे काका, एरवी चार शब्द बोलणार नाहीत, पण अंग थरथरायला लागलं की आवाज बदलतो आणि मानकऱ्यांना सरळ अरेतुरे. मग तांब्याभर पाणी पिऊन विचारतात, काय झाला रे?

सुरंगी: अवसाराला मान असतो हो. आजाऱ्याला तो शब्द लावला की डॉक्टर राहतो बाजूला आणि भूतबाधा काढणारा घाडी येतो. माझ्या मावशीची दोन वर्षं त्यातच गेली, शेवटी रत्नागिरीच्या मनोरुग्णालयात नेली तर गावात कुजबूज वेगळी.

खाडीकाठ: आम्ही रत्नागिरीत नुसतं राहतो तरी पाहुणे हसतात.

जुनीवही: 'सोंग' का नको? दशावतारात बाप्या लुगडं नेसून उभा राहिला की पुढे बसलेल्या म्हाताऱ्या त्याच्या दुःखाने रडतात, तो पुरुष आहे हे माहीत असून.

सुरंगी: आणि पहाटे लुगडं सोडून चहा पितो. ह्याला सोडता येत नाही, तोच तर आजार. मावशीला 'सोंगं करते' हेच ऐकवायचे सगळे.

जुनीवही: मग 'पिसं', म्हणजे वेड. संतांचा शब्द.

घावनेवाला: आमच्याकडे अजून 'पिसो' म्हणतत. पण ती शिवी झाली आता.

खाडीकाठ: अहो पण लिहू काय? रविवारी फाईल द्यायचीय.

जुनीवही: ते बघू. आधी एक दुरुस्ती, 'अवसार' नव्हे, 'अवसर'. देवाला बोलायची संधी मिळते म्हणून अवसर, शुद्ध संस्कृत.

घावनेवाला: आमच्या देवाक संधी कित्याक व्हयी?